डोंगरवाटेवर गाडीतच ऐकायचे निवेदन : अजिंठ्याच्या रांगेतील दोन दिवसांच्या फेऱ्यासाठी तयारी

जिंतूरहून आलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. पावसाळ्याच्या अखेरीस स्वतःच्या गाडीने दोन दिवस दौलताबाद, खुलताबाद, म्हैसमाळ, वेरूळ, कन्नड आणि गौताळा असा फेरा करायचा आहे. सोबत वयस्क आई आणि शाळेत जाणारी दोन मुले आहेत. प्रत्येक ठिकाणी मार्गदर्शक घेणे परवडणारे नाही, आणि गाडीत जागाही नाही. तेव्हा वाटेत ऐकता येईल असे मराठी ध्वनिमुद्रित निवेदन वापरता येईल का, ते घरी तयार करता येईल का, आणि त्याने मार्गदर्शकाची उणीव खरोखर भरून निघते का? या भागात पर्यटकांना हिंडवण्याचे काम मी बरीच वर्षे करतो आहे आणि अलीकडे अशी निवेदनेही तयार करून देतो, म्हणून उत्तर जरा विस्ताराने देतो.

शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करू. लेण्याच्या आत ती उणीव भरून निघत नाही. रस्त्यावर मात्र निघते, कारण मार्गदर्शक आपल्याला भेटतो तो लेण्याच्या दारात, आणि तेथवर येताना लागलेल्या तीस-चाळीस किलोमीटरांविषयी कोणीच काही सांगत नाही. डोंगराळ मुलुखात तर पाहण्यासारखे निम्मे ह्या मधल्या रस्त्यावरच असते. परंतु त्यासाठी एक अट आहे. निवेदन रस्त्याला बांधलेले असले पाहिजे, इतिहासाच्या पुस्तकाला नव्हे. काचेतून जे दिसते आहे, किंवा पुढच्या दोन-तीन मिनिटांत जे दिसणार आहे, त्याविषयीच ते बोलले पाहिजे, आणि चालकाचे लक्ष जेथे पूर्णपणे रस्त्यावर हवे तेथे ते गप्प बसले पाहिजे. घरी केलेली बहुतेक निवेदने या दुसऱ्या भागात फसतात. माहिती चांगली असते, आवाज चांगला असतो, आणि घाटाच्या ऐन वळणावर यादवांची वंशावळ सुरू असते.

अशा निवेदनांची जी तयार अ‍ॅप मिळतात त्यांची रचना मुळात सोपी आहे. नकाशावर ठिकठिकाणी अदृश्य वर्तुळे आखलेली असतात. फोन त्या वर्तुळात शिरला की त्या जागेचा ध्वनितुकडा आपोआप सुरू होतो. फोनमधील जीपीएस थेट उपग्रहांचे संकेत घेते, त्यामुळे मोबाइलची रेंज गेली तरी ते चालते. रेंज लागते ती नकाशा आणि ध्वनिफाइल उतरवून घेण्यासाठी, आणि ते काम आदल्या रात्री घरीच झालेले असले पाहिजे. रेंज नसताना फोनला आपली पहिली जागा शोधायला बराच वेळ लागतो, कारण उपग्रहांच्या स्थितीची जी माहिती एरवी इंटरनेटवरून झटकन मिळते ती मग आकाशातूनच सावकाश घ्यावी लागते. म्हणून घाटात पोहोचल्यावर अ‍ॅप उघडण्याऐवजी गावातून निघतानाच ते सुरू करून ठेवावे. दोन्ही बाजूंना उंच कडे असले की संकेत खडकावरून परावर्तित होऊन येतात आणि जागा थोडी सरकलेली दिसते. त्यात फोन बॅटरी वाचवण्याच्या सेटिंगवर असेल तर तो आपली जागा वारंवार तपासतही नाही. दीडशे मीटर त्रिज्येचे वर्तुळ ताशी ८० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी जेमतेम तेरा-चौदा सेकंदांत ओलांडते, आणि तेवढ्या वेळात फोनला जाग आली नाही तर तो तुकडा कायमचा चुकतो. चौपदरी रस्त्यासाठी वर्तुळे मोठी आणि घाटासाठी लहान ठेवतात, त्याचे कारण हेच.

आपल्यासारख्या कुटुंबाला मात्र मी ही आपोआप चालणारी पद्धत सुचवत नाही. जुन्या पद्धतीने क्रमांक घातलेल्या ध्वनिफाइल एका फोनमध्ये किंवा पेनड्राइव्हमध्ये भराव्यात आणि चालकाच्या शेजारी बसलेल्या माणसाने त्या हाताने सुरू कराव्यात. हे काम बारा वर्षांचे मूल उत्तम करते, आणि त्या निमित्ताने त्याचे लक्ष दोन दिवस खिडकीबाहेर राहते. त्याच्या हातात एक कागद असावा. कोणती फाइल कोठे सुरू करायची, त्याची खूण त्यावर लिहिलेली असावी : अमुक फाटा, पूल ओलांडल्यावर, टोलनाका गेल्यावर, गावाची कमान दिसली की. खूण नेहमी पक्की आणि रस्त्यावरूनच दिसणारी घ्यावी. धाब्याचे नाव किंवा जाहिरातीचा फलक खूण म्हणून घेऊ नये. दोन्ही वर्षभरात बदलतात. किलोमीटरचे दगड चांगले, परंतु रस्त्याचे रुंदीकरण झाले की आकडे बदलतात, म्हणून सोबत गाडीच्या मीटरवरचे अंतरही लिहावे. चालकाने फोनला हात लावू नये. गाडी चालवताना फोन हातात धरून वापरणे हा कायद्यानेही गुन्हा आहे. चालकाने कानात इअरफोन घालून निवेदन ऐकणेही मला मान्य नाही, कारण घाटात मागच्या वाहनाचा हॉर्न ऐकू येणे जास्त गरजेचे असते.

आता लांबीचा हिशेब. सावकाश, समजेल असे मराठी बोलताना मिनिटाला शंभर-एकशे दहा शब्द होतात. ताशी ६० किलोमीटर वेगाने गाडी मिनिटाला एक किलोमीटर जाते. घाटात ताशी ३० ने अर्धा किलोमीटर. म्हणजे तीनशे शब्दांचा तुकडा मोकळ्या रस्त्यावर तीन किलोमीटर खातो. डोंगर समोर दिसू लागल्यापासून तो बाजूला येईपर्यंतचे अंतर किती आहे, हे मोजल्याशिवाय लिहायला बसू नये. नकाशावर ते सहज मोजता येते. मजकूर नेहमी त्या अंतराच्या दोन-तृतीयांश लांबीचा ठेवावा, कारण ट्रॅक्टर आडवा आला, गतिरोधक आले, मुलाने मध्येच प्रश्न विचारला, असे काही ना काही होतेच.

डावीकडे-उजवीकडे या शब्दांविषयीही एक सूचना आहे. परतीच्या वाटेवर त्यांचा अर्थ उलटतो, आणि नागमोडी घाटात तर दर वळणाला उलटतो. ‘दरीच्या बाजूला’, ‘कड्याच्या बाजूला’, ‘मागे राहिलेल्या गावाच्या अंगाला’ असे सांगितले की तीच फाइल दोन्ही दिशांनी चालते. गुराखी आणि घाटातले जुने चालक वाट सांगतात तीही बहुधा अशीच.

मार्ग ठरवताना नकाशा जो सर्वांत जलद म्हणून दाखवतो तो डोळे मिटून घेऊ नये. सोलापूर-धुळे महामार्ग चौपदरी झाल्यापासून छत्रपती संभाजीनगर शहर ते कन्नड हे अंतर लवकर कापले जाते, परंतु जुन्या रस्त्यावरच्या पुष्कळ गोष्टी बाजूला पडतात. शहरातून दौलताबादमार्गे खुलताबाद, तेथून म्हैसमाळला जाऊन परत, आणि मग वेरूळला उतरणे, हा पहिला दिवस पुरेसा भरगच्च आहे. वेरूळची लेणी मंगळवारी बंद असतात, त्यामुळे पहिला दिवस मंगळवारी येणार नाही असे पाहावे. पुढे कधी अजिंठा जोडायचा असेल तर तेथे सोमवारी सुटी असते, आणि फर्दापूरच्या तिठ्यावर आपली गाडी सोडून बसने लेण्यापर्यंत जावे लागते, हेही आधीच ध्यानात ठेवावे.

शहरातून निघाल्यावर पहिल्या तुकड्यात इतिहास नको, पाणी सांगावे. मलिक अंबरने १६१० मध्ये खडकी वसवली, आणि तेच गाव पुढे औरंगाबाद व आता छत्रपती संभाजीनगर झाले. ह्या शहराची तहान भागली ती आजूबाजूच्या डोंगरांच्या पोटातील पाणी जमिनीखालच्या नहरींनी आणून. हे ऐकल्यावर शहराबाहेरचे डोंगर नुसते देखावा राहत नाहीत. देवगिरी लांबूनच दिसू लागतो. शंकूसारखा एकटा उभा डोंगर, आणि त्याचा खालचा भाग माणसाने तासून सरळ केलेला. येथे दीड मिनिटापेक्षा जास्त बोलू नये. यादवांची राजधानी, १३२७ मध्ये महंमद तुघलकाने दिल्लीहून येथे हलवलेला दरबार, आणि कोणालाही चढता येऊ नये म्हणून तासलेला कडा, एवढे पुरे. किल्ल्याच्या बाहेरच्या तटातून रस्ता जातो तेथे वाहनांची कोंडी होते. तेथे निवेदन बंद ठेवून मुलांना तट किती जाड आहे ते पाहू द्यावे. पुढची चढण आहे तोवरही शांतता. हंगामात रस्त्याच्या कडेला पेरू आणि सीताफळे घेऊन बसलेल्या बाया दिसतील. त्यांच्यासाठी थांबणे हे माझ्या मते निवेदनात लिहून ठेवण्याइतके महत्त्वाचे आहे.

खुलताबादला सांगण्यासारखे इतके आहे की निवड करावीच लागते. औरंगजेब १७०७ मध्ये वारला आणि त्याची साधी, उघडी कबर येथे आहे; १६२६ मध्ये वारलेल्या मलिक अंबरची कबरही येथेच आहे; भद्रा मारुतीच्या दर्शनाला मराठवाडाभरातून लोक पायी येतात. दख्खन जिंकायला निघालेला बादशहा आणि त्याच्या कितीतरी आधी मोगलांना दख्खनबाहेर रोखून धरणारा सरदार एकाच डोंगरमाथ्यावर निजले आहेत, हे एक वाक्य मुलांच्या लक्षात राहते. बाकीचे थांबल्यावर बोलावे.

म्हैसमाळचा तुकडा तुमच्यासाठी सर्वांत महत्त्वाचा, कारण तो जिंतूरशी जोडलेला आहे. म्हैसमाळच्या पठारावर गिरिजामातेचे देऊळ आहे आणि याच परिसरात गिरिजा नदीचा उगम आहे. ही नदी फुलंब्री आणि भोकरदनच्या अंगाने वाहत जाऊन पूर्णेला मिळते. अजिंठ्याच्या रांगेतूनच आलेली पूर्णा पुढे जालना जिल्हा ओलांडून परभणी-हिंगोलीच्या सीमेवर येलदरी धरणात साठते आणि शेवटी गोदावरीला मिळते. म्हणजे म्हैसमाळच्या कड्यावर उभे राहून पायाखालून वाहताना दिसणारे पावसाचे पाणी तुमच्या तालुक्याच्या धरणाकडे निघालेले असते. आईंना हे ऐकवावे. येलदरी त्यांच्या ओळखीची आहे. पाहणाऱ्याच्या घराशी धागा जुळला की डोंगर परका राहत नाही, आणि हे कोणत्याही तयार अ‍ॅपला करता येणार नाही, कारण त्याला तुम्ही कोठून आलात हे माहीत नसते. म्हैसमाळवर पावसाळ्यात धुके फार. ‘समोरची दरी पाहा’ असे सांगणारा आवाज आणि समोर पांढरा पडदा, अशी फजिती टाळण्यासाठी तेथे दोन फाइल ठेवाव्यात : एक उघडिपीची, एक धुक्याची. धुक्याच्या फाइलमध्ये पाण्याची हीच गोष्ट चालते, कारण तिला दृश्य लागत नाही.

वेरूळला खुलताबादकडून उतरताना पुन्हा मौन. तेथे पोहोचल्यावर मात्र फोन बंद करून एक मान्यताप्राप्त मार्गदर्शक घ्यावा. संपूर्ण फेऱ्यात पैसे खर्च करायचेच असतील तर ते येथे. चौतीस लेण्यांपैकी १ ते १२ बौद्ध, १३ ते २९ हिंदू आणि ३० ते ३४ जैन, एवढे कोणीही सांगेल. परंतु राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळातले, म्हणजे आठव्या शतकातले सोळावे कैलास लेणे डोंगराच्या माथ्यापासून खाली कसे कोरत आणले, हे हाताने दाखवणारा माणूसच हवा. आईंना जास्त चालवत नसेल तर सोळावे लेणे निवांत पाहावे, आणि घृष्णेश्वराचे दर्शन संध्याकाळी करावे. पाऊस चांगला झाला असेल तर एकोणतिसाव्या लेण्याजवळचा वेळगंगेचा धबधबाही चालू असतो.

वेरूळ ते कन्नड हा साधारण तीस किलोमीटरचा रस्ता पाहण्याच्या दृष्टीने साधा आहे. मका, कपाशी, आले, ऊस, मध्ये गावे. नवखे लोक येथे गाणी लावतात. मी सगळ्यात लांब तुकडा येथेच ठेवतो, कारण नजर मोकळी आहे, रस्ता सरळ आहे, आणि पुढे घाटात जे पाहायचे आहे त्याची समज येथे देता येते. विषय एकच : हा दगड आला कोठून? सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीला पडलेल्या भेगांतून लाव्हा बाहेर आला आणि पाण्यासारखा पसरला. ज्वालामुखीचा टोकदार डोंगर येथे नव्हता. एक थर पसरला, थंड झाला. त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. कोठे दोन थरांमध्ये इतका काळ गेला की वरच्या पृष्ठभागाची झीज होऊन माती झाली, आणि नव्या लाव्ह्याने ती भाजून लाल केली. हे थर आजही सुमारे पाच लाख चौरस किलोमीटरवर पसरलेले आहेत. भाकरींची चवड मध्ये सुरीने कापावी आणि कडेने पाहावी, तसा घाटातला कडा दिसतो. प्रत्येक थराचा कठीण भाग उभा कडा होऊन राहतो, आणि सच्छिद्र, मऊ भाग झिजून उतार होतो; त्या उतारावर माती टिकते आणि झाडे वाढतात. म्हणून आपल्या डोंगरांना पायऱ्या दिसतात. थर जेथे जाड आणि एकसंध मिळाला तेथे आपल्या पूर्वजांना कैलास कोरता आला. ही शेवटची गोष्ट आदल्या दिवशी वेरूळ पाहून आलेल्या मुलांना ऐकवली की त्यांना कालचे लेणे आणि आजचा घाट हा एकच दगड असल्याचे कळते.

कन्नड ओलांडल्यावर घाटाच्या आधीचा तुकडा कसा असावा, याचा नमुना येथे देतो. तो मोकळ्या रस्त्यावरच संपला पाहिजे.

‘आता कन्नड मागे पडले आहे. काल दौलताबादची चढण लागली आणि म्हैसमाळ पाहिले, ते सोडले तर एवढ्या मोठ्या डोंगररांगेत येऊनही आपल्याला घाट असा चढावा लागलेला नाही. कारण आपण या डोंगराच्या पाठीवरूनच येत आहोत. पुढे उत्तरेला ही पाठ एकदम तुटते आणि खाली खानदेश लागतो. या कडेच्या अलीकडे पडलेला पाऊस शिवना नदीतून गोदावरीला आणि पुढे बंगालच्या उपसागराला मिळतो. पलीकडे पडलेला पाऊस गिरणेतून तापीला, आणि तापीतून अरबी समुद्राला. घाट उतरून होईपर्यंत आता काही ऐकू येणार नाही. चालकाने रस्ता पाहावा. बाकीच्यांनी दरीपलीकडच्या कड्यावर आडव्या पायऱ्या किती मोजता येतात ते पाहावे.’

याला सव्वा मिनिटापेक्षा जास्त लागत नाही, आणि यात एकही राजा नाही. घाटाला औट्रम घाट म्हणतात तो जेम्स औट्रम या इंग्रज अधिकाऱ्यावरून. १८२५ मध्ये त्याने खानदेशात भिल्ल पलटण उभी केली होती. ही माहिती घाट उतरून झाल्यावर, तळाशी चहाला थांबल्यावर सांगितली तरी काही बिघडत नाही. उलट नुकताच उतरलेला घाट डोळ्यांपुढे असतो.

ह्या घाटाविषयी गंभीरपणे सांगतो. ऑगस्ट २०२१ च्या अखेरीस अतिवृष्टीने येथे दरडी कोसळून वाहतूक बंद पडली होती, आणि २०२३ मध्ये उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाच्या आदेशाने जड वाहनांना घाटातून बंदी झाली. पावसाचा जोर असेल त्या दिवशी घाट उतरूच नये. माथ्यावरून दरी पाहून मागे फिरावे. थांबायचे असेल तर गाडी रस्त्याबाहेर पूर्ण काढता येईल अशाच जागी. वळणावर दार उघडून फोटो काढणारे पाहिले की माझा जीव खालीवर होतो. आणि कोणत्याही निवेदनात ‘येथे थांबा’ असे शब्द घालू नयेत. ‘पुढे सुरक्षित जागा मिळाली तर थांबता येईल’ असे म्हणावे. आवाजाने दिलेली आज्ञा चालक नकळत पाळतो.

गौताळा औट्रमघाट अभयारण्य १९८६ मध्ये घोषित झाले. ते संभाजीनगर आणि जळगाव जिल्ह्यांत पसरले आहे. नाक्यावर नोंद करून प्रवेश घ्यावा लागतो आणि संध्याकाळच्या आत बाहेर पडावे लागते. तेथे निवेदन, गाणी, हॉर्न, सगळे बंद. नाक्याच्या आधी दोन मिनिटांचा एक तुकडा ऐकवावा : पानगळीचे जंगल म्हणजे काय, सागाची पाने केव्हा गळतात, पावसाळ्यानंतर तलावाकाठी काय दिसू शकते. काचा खाली केल्या की पुढचे निवेदन पक्षी करतात.

याच अभयारण्यातील पितळखोऱ्याच्या लेण्यांविषयी सर्वांत जास्त विचारले जाते. लेणी दरीत आहेत, बऱ्याच पायऱ्या उतरून जावे लागते आणि अर्थात चढून परत यावे लागते, म्हणून आईंनी वर थांबावे हे बरे. वर थांबणाऱ्यांसाठी मी एक वेगळी, पाच मिनिटांची फाइल करतो, आणि मला स्वतःला ती सर्वांत आवडते. ही बौद्ध लेणी इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकापासूनची आहेत, आणि त्यांतल्या शिलालेखांत दानकर्त्यांची नावे आहेत. त्यांत प्रतिष्ठानचा, म्हणजे आपल्या पैठणचा, मितदेव नावाचा सुगंधी द्रव्यांचा व्यापारी आहे. राजवैद्याच्या घरातली माणसे आहेत. येथे मिळालेली यक्षाची मूर्ती कण्हदास नावाच्या सोनाराने केल्याचे त्या मूर्तीवरच कोरलेले आहे, आणि ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. पैठणचा अत्तरवाला एवढ्या आडवळणी दरीत दान का करतो? कारण ही दरी तेव्हा आडवळणी नव्हती. दक्षिणेकडून उत्तरेकडे जाणारी व्यापाराची वाट याच रांगेतून उतरत होती. आज आपण ज्या कारणाने कन्नडचा घाट उतरतो त्याच कारणाने तोही येथे आला होता. रस्त्याची गोष्ट रस्त्यावरच सांगावी म्हणतो ती यासाठी. याच डोंगरात अंतूर किल्ल्याकडे जाणाऱ्या वाटेवर निजामशाहीच्या काळातला, फारसी अक्षरांत चारी दिशांची ठिकाणे कोरलेला दगडी खांब आहे. वाटसरूला सोबतीविना वाट दाखवण्याची सोय आपल्याकडे तेव्हाही होती.

घाट उतरलातच आणि वेळ हाताशी असेल तर चाळीसगावच्या बाजूने पाटणादेवीला जाता येते. तो भाग खानदेशात मोडतो, पण डोंगर तोच. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने येथे मठ स्थापन केल्याचा १२०७ चा शिलालेख प्रसिद्ध आहे. शाळेत गणिताला कंटाळणाऱ्या मुलांसाठी एवढा तुकडा जरूर ठेवावा.

ध्वनिमुद्रणाविषयी थोडेच सांगतो. चांगला माइक नसला तरी चालतो. खोली चांगली हवी. गाद्या-गोधड्या असलेली, पंखा बंद केलेली लहान खोली निवडावी, फोन तोंडापासून वीतभर अंतरावर थोडा बाजूला धरावा, आणि लिहिलेले वाचत आहोत असे न वाटेल इतके सावकाश बोलावे. शब्द गाडीच्या आवाजावर उठून दिसले पाहिजेत, म्हणून पार्श्वसंगीत घालू नये. प्रत्येक तुकड्याच्या सुरुवातीला घंटेचा एक टोल द्यावा, म्हणजे गाडीतले बोलणे थांबते. शेवटी ‘पुढचा तुकडा अमुक फाट्यानंतर’ एवढे सांगावे. फाइलच्या नावाआधी ०१, ०२ असे दोन अंकी क्रमांक घालावेत, नाही तर गाडीतले यंत्र १ नंतर थेट १० वाजवते. संगणकाचा आवाज वापरण्याचा मोह होईल. गावांची नावे तो अनेकदा चुकीची उच्चारतो आणि आजीला ते लगेच खटकते. त्यापेक्षा एक-दोन तुकडे आईंच्याच आवाजात घ्यावेत. येलदरीचे धरण होण्याआधीचा तो परिसर त्यांना आठवत असेल, तर म्हैसमाळच्या फाइलला त्याहून चांगली जोड मिळणार नाही. सगळे मुद्रण झाल्यावर ते एकदा गाडीत, काचा बंद करून, जिंतूर-परभणी रस्त्यावर ताशी ६० ने चालवून पाहावे. घरात स्वच्छ ऐकू येणारे निम्मे शब्द तेथे हरवतात.

गावकरी सांगतात त्या कथा अवश्य घ्याव्यात, परंतु ‘असे सांगतात’ हे शब्द त्यांच्यासोबत राहू द्यावेत. एखाद्या गुराख्याचा किंवा पुजाऱ्याचा आवाज वापरायचा असेल तर त्याला विचारून वापरावा. आणि एका दिवसात सगळे मिळून पाऊण तासापेक्षा जास्त निवेदन ठेवू नये.

हा फेरा नीट झाला तर पुढच्या वर्षी बालाघाटाचा करावा. बीडहून मांजरसुंबा घाट, कपिलधार, पाटोद्याच्या बाजूने सौताड्याचा धबधबा असा तो रस्ता आहे. मांजरा नदीचा उगमही पाटोदा तालुक्यातच आहे. तेथे धबधबे पावसावर अवलंबून असल्यामुळे ऑगस्ट-सप्टेंबर हीच वेळ योग्य. निवेदन मात्र तेथे नव्याने लिहावे लागेल, कारण अजिंठ्याच्या रांगेत घाटमाथ्यावर संपणारी गोष्ट बालाघाटात घाटमाथ्यावर सुरू होते : वर सपाट पठार, त्यावर वस्ती, शेती आणि सीताफळांचे माळ लांबवर पसरलेले असतात, आणि सगळ्यात लांब तुकडा तेथे घाट चढून झाल्यानंतर ठेवावा लागतो.